‘ब्रिक्स १८’ एवढ्यावर सौदा करू नका

जानेवारी लागला की नाशिकच्या पिंपळगाव, ओझर, दिंडोरी, मोहाडी या द्राक्षपट्ट्यात चहाच्या टपरीवरही एकच प्रश्न ऐकू येतो: ब्रिक्स किती आला? म्हणजे, ढोबळमानाने, मण्याच्या रसात साखर किती भरली. कोणी सोळा सांगतं, कोणी साडेसतरा, कोणी छाती पुढे काढून एकोणीस. त्या आकड्यावर व्यापारी भाव बोलतो, खुडा, म्हणजे द्राक्षाची तोड, ठरतो, मजुरांची टोळी उद्या बोलवायची की आणखी चार दिवस थांबायचं तेही ठरतं. मी द्राक्षाच्या पॅकहाऊसमध्ये क्वालिटीचं काम बघते. हंगामात खांद्याच्या पिशवीत रिफ्रॅक्टोमीटर, म्हणजे ब्रिक्स मोजायचं उपकरण, कायम असतो. नवीन कामाला लागलेल्या मुलामुलींना आणि वडिलांकडून बाग नुकतीच हातात घेतलेल्यांना मी हा शब्द जसा समजावते, तसाच इथे लिहिते आहे. मला मुख्य सांगायचंय ते आधीच सांगते. आकडा कुठल्या मण्यांचा, कधीचा आणि कसा काढलेला, हे सोबत नसेल तर त्या आकड्यावर व्यवहार करू नये.

ब्रिक्स हे एका माणसाचं आडनाव. आडॉल्फ ब्रिक्स (१७९८–१८७०) हा जर्मन गणिती आणि अभियंता. साखरेचं द्रावण किती दाट आहे ते तरंगकाट्याने, म्हणजे हायड्रोमीटरने मोजायची एक मोजपट्टी प्रागच्या बॉलिंग नावाच्या रसायनतज्ज्ञाने आधी केलेली होती. ब्रिक्सने ती पुन्हा तपासून जास्त अचूक केली. व्याख्या अगदी साधी आहे. १०० ग्रॅम द्रावणात १ ग्रॅम साखर विरघळलेली असेल तर ते १ डिग्री ब्रिक्स. म्हणजे १८ ब्रिक्सच्या साखरपाण्यात १८ ग्रॅम साखर आणि ८२ ग्रॅम पाणी. प्रमाण वजनाचं आहे, मापाचं नाही. हा फरक बागेत जाणवत नाही, पण रस लिटरने मोजणाऱ्याला जाणवतो. १८ ब्रिक्सच्या एक लिटर रसाचं वजन साधारण १०७४ ग्रॅम भरतं, म्हणून त्यात विरघळलेले घन पदार्थ १८० ग्रॅम नसून १९३ ग्रॅमच्या आसपास असतात.

इंटरनेटवर हा शब्द शोधताना एक काळजी घ्या. नुसतं ‘ब्रिक्स’ टाकलं की ब्राझील, रशिया, भारत, चीन, दक्षिण आफ्रिका वगैरे देशांच्या गटाच्या बातम्या समोर येतात. सोबत ‘द्राक्ष’ किंवा ‘रिफ्रॅक्टोमीटर’ लिहा, म्हणजे कामाचं सापडेल.

ब्रिक्स म्हणजे गोडी का?

आपल्याकडे शुगर आणि ब्रिक्स हे दोन्ही शब्द एकाच अर्थाने वापरतात. “शुगर भरली का?” असं विचारलं की उत्तर ब्रिक्समध्येच येतं. द्राक्षापुरतं ते बऱ्यापैकी चालतं. पण उपकरण नक्की काय मोजतं ते माहीत हवं. प्रकाश पाण्यातून जाताना वाकतो आणि पाण्यात काही विरघळलेलं असलं की तो आणखी वाकतो. रिफ्रॅक्टोमीटर ते वाकणं मोजतो. आतली पट्टी अशी आखलेली असते, जणू विरघळलेलं सगळं उसाची साखरच आहे. प्रत्यक्षात रसात आम्लं असतात, क्षार असतात, बाकीही बरंच काही असतं, आणि ते सगळं त्याच आकड्यात मोजलं जातं. म्हणूनच प्रयोगशाळेच्या अहवालात ब्रिक्सच्या जागी टीएसएस, म्हणजे एकूण विद्राव्य घन पदार्थ, असं लिहिलेलं दिसतं. व्यवहारात तो आकडा ब्रिक्सच असतो, दोन वेगळ्या चाचण्या समजून दोनदा पैसे भरू नका.

गोडी आणि ब्रिक्स वेगळे कसे, ते बघायला नाशिककराला लांब जायला नको. घरातला उन्हाळ कांदा किसा, फडक्यातून पिळा आणि दोन थेंब काचेवर टाका. आकडा १० ते १४ च्या दरम्यान कुठेतरी येईल. चांगलं कलिंगडही साधारण तिथेच वाचलं जातं. कांद्याने डोळ्यांत पाणी येतं, कलिंगड मुलं बोटं चाटत खातात, आणि उपकरणाला दोघांत फारसा फरक दिसत नाही. कांदा वाळवून विकणारे कारखाने मात्र हाच आकडा आवर्जून विचारतात, कारण त्यांना पाणी उडाल्यावर मागे किती माल उरेल ते हवं असतं. तिथे ब्रिक्सचा अर्थ गोडीशी जोडायचाच नाही.

द्राक्षात मण्यात पाणी उतरायच्या, म्हणजे मणी मऊ पडून पिकायला लागायच्या आधी, मणी हिरवा आणि टणक असतानाही ४-५ चा आकडा दिसतो. तो बहुतांशी टार्टरिक आणि मॅलिक आम्लाचा. पाणी उतरलं की आम्ल घटत जातं, साखर चढत जाते आणि पक्व मण्यात विरघळलेल्यातला बहुतेक वाटा ग्लुकोज आणि फ्रुक्टोजचा होतो. त्यामुळे बाग खुड्याला आल्यावर ब्रिक्सला शुगर म्हणणं फार चुकीचं ठरत नाही. पाणी उतरण्याच्या सुमाराला मात्र आकड्यापेक्षा मण्याचा मऊपणा आणि रंग बघा.

एकाच घडात दोन आकडे

सगळ्यात जास्त वाद होतात ते इथे. दिंडोरी तालुक्यातल्या एका बागेत मी पोचले तेव्हा बागेचे मालक नाना आणि खरेदीदाराचा तरुण प्रतिनिधी एकमेकांकडे पाठ करून उभे होते. नाना म्हणाले, “ताई, माझा माल अठराचा आहे, आणि हे पोरगं पंधरा-सोळा सांगतंय. तुम्हीच बघा.” मी ज्या घडावरून वाद झाला तोच घड कापून घेतला. देठाजवळच्या पाकळीचा, म्हणजे घडाच्या खांद्याचा, मणी पिळला: १८.४. मधला मणी: १७. शेंड्याचा: १५.६. दोघंही खरं बोलत होते. नानांनी खांद्याचा मणी लावला होता, पोराने शेंड्याचा.

शेतकरी बागेतून चालताना हात सहज पिवळसर, उन्हातल्या, वरच्या मण्याकडे जातो, कारण खायला तोच चांगला लागतो. खरेदीदार मुद्दाम शेंडा बघतो, कारण त्याला सगळ्यात मागे राहिलेला मणी किती आहे ते हवं असतं. दोन्ही आकडे उपयोगाचे आहेत. पण एकाने सरासरी समजून सांगायचा आणि दुसऱ्याने किमान समजून ऐकायचा, असं झालं की भावात घासाघीस होते आणि मनं दुखावतात. माझ्या मते सौद्याच्या वेळी दोन आकडे बोलावेत: प्लॉटची सरासरी आणि शेंड्याच्या मण्याचा किमान.

सरासरी काढायची ती अशी. बांधालगतच्या ओळी आणि प्रत्येक ओळीतली टोकाची झाडं सोडून द्या. तिथे ऊन, वारा आणि धूळ वेगळी असते. प्लॉटमध्ये तिरकं चाला, म्हणजे सगळ्या ओळींतून जाल. ठरावीक अंतरावर थांबा, समोर जो घड येईल तो घ्या, निवडू नका. एका घडाचा खांद्याचा मणी, पुढच्याचा मधला, त्याच्या पुढच्याचा शेंड्याचा, असं बदलत जा. एकदा पूर्वेच्या बाजूचा घड, एकदा पश्चिमेचा. कॅनोपीच्या, म्हणजे वेलीच्या पानांच्या, आत लपलेले घड विसरू नका, कारण पॅकहाऊसमध्ये तेही येणार आहेत. असे शंभरेक मणी प्लास्टिकच्या पिशवीत जमवा, पिशवीतच चेंगरा, रस एकत्र हलवा, मलमलच्या फडक्यातून गाळा आणि मग त्याचा ब्रिक्स घ्या. एकेका मण्याचे आकडे लिहून सरासरी काढण्यापेक्षा हे लवकर होतं आणि जास्त खरंही असतं.

प्लॉटमध्ये जमीन बदलत असेल, एका कोपऱ्यात मुरमाड आणि दुसरीकडे काळी, तर दोन नमुने वेगळे काढा. काळ्या जमिनीतला माल बऱ्याचदा मागे राहतो. एकत्र केलात तर मिळणारा आकडा दोन्ही कोपऱ्यांपैकी एकाचाही नसेल.

पाण्याचंही लक्षात ठेवा. रात्री ड्रिप भरपूर सोडलं किंवा अवकाळी पाऊस पडून गेला, तर मणी पाणी ओढतो आणि रस पातळ होतो. दुसऱ्या दिवशी ब्रिक्स खाली आलेला दिसेल. साखर कुठे गेली नाही, पाणी वाढलं. अशा वेळी दोन-तीन दिवस जाऊ द्या आणि पुन्हा तपासा.

उपकरण हातात घेतल्यावर

आमच्याकडे हातात धरायचा, ० ते ३२ पट्टीचा रिफ्रॅक्टोमीटर सर्रास वापरतात. त्याच्यावर ०.२ चे भाग असतात, म्हणून कोणी तुम्हाला त्याच उपकरणावरून १७.६३ असं सांगितलं तर ते वाचलेलं नाही, हे समजून घ्या.

कामाच्या सुरुवातीला डिस्टिल्ड पाण्याचे दोन थेंब काचेवर टाकून निळ्या-पांढऱ्या रंगांची सीमारेषा बरोबर शून्यावर येते का ते बघा. नसेल तर वरचा छोटा स्क्रू फिरवून आणा. विहिरीचं किंवा बोअरचं पाणी यासाठी वापरू नका, त्यात क्षार असतात. नंतर काच मऊ कापडाने पूर्ण कोरडी करा, कारण राहिलेला एक थेंब रस पातळ करतो. रसाचे दोन-तीन थेंब टाका, झाकण हळू टेकवा, आत हवेचा बुडबुडा राहू देऊ नका. झाकणाखाली काच पूर्ण ओली झालेली दिसली पाहिजे. उजेडाच्या दिशेने धरा, पण थेट सूर्याकडे नको, डोळ्याला इजा होईल. रेघ धूसर दिसत असेल तर भिंगाची कड फिरवा. रसात गर जास्त असला तरी रेघ पसरट दिसते, तेव्हा पुन्हा गाळून घ्या.

तापमानाकडे आमच्याकडे सगळ्यात कमी लक्ष दिलं जातं. पट्टी २० अंश सेल्सिअससाठी आखलेली असते. रस त्याहून गरम असेल तर आकडा कमी दिसतो. ३० अंशाला, आपल्या द्राक्षाच्या रसात, साधारण पाऊण डिग्रीचा फरक पडतो. आपोआप तापमान जुळवणारी, म्हणजे एटीसी लिहिलेली उपकरणं हा फरक भरून काढतात, पण बहुतेकांची मर्यादा १० ते ३० अंश असते. निफाडला जानेवारीच्या पहाटे पारा १० च्याही खाली जातो, कुंदेवाडीच्या गहू संशोधन केंद्रातले आकडे दर थंडीत पेपरात येतातच. मार्चमध्ये दुपारी तीच बाग ३५ च्या वर असते. दोन्ही वेळा एटीसी असूनही आकडा चुकू शकतो. म्हणून सकाळी नऊ-दहाच्या सुमाराला तपासा, रस आणि उपकरण दोन्ही सावलीत थोडा वेळ शेजारी ठेवा, मग वाचा. साधं, एटीसी नसलेलं उपकरण असेल तर शून्य त्याच जागी, त्याच वेळी, तेवढ्याच तापमानाच्या पाण्याने लावा. बराचसा फरक तिथेच निघून जातो.

काम झालं की ओल्या मऊ कापडाने काच पुसा. नळाखाली धरून धुतलं की पाणी आत शिरतं, आतून बुरशी येते आणि रेघ कायमची धूसर होते. काचेवर रस वाळू देऊ नका, वाळलेली साखर पुढच्या नमुन्याचा आकडा चढवते. मातीच्या बोटांनी पुसू नका, काचेवर ओरखडे पडतात.

किती ब्रिक्स पुरे?

हे मालाचं काय करायचंय त्यावर आहे. युरोपीय संघाच्या मानकात खाण्याच्या द्राक्षाला, बिनबियांच्या जातींसाठी किमान १४ आणि बहुतेक बियांच्या जातींसाठी १३ ब्रिक्स लागतो. प्रत्यक्षात खरेदीदार त्याहून वर मागतात, थॉमसन या बिनबियांच्या जातीला आमच्याकडे साधारण १८ धरून चालतात. आंतरराष्ट्रीय द्राक्ष आणि वाईन संघटनेने २००८ मध्ये यात आम्लाचाही विचार घातला आहे. १६ ब्रिक्स किंवा वर असेल तर द्राक्ष पक्व. १४ ते १६ मध्ये असेल तर साखर आणि आम्लाचं प्रमाण किमान १८ ला १ हवं, १२.५ ते १४ मध्ये असेल तर २० ला १. हा मला फार शहाणपणाचा नियम वाटतो. जिभेला कळतं ते या दोघांचं नातं. आम्ल उतरलेला १७ चा घड खाणाऱ्याला आवडतो, आणि आम्ल चढं असलेला १९ चा घड आंबटगोड लागून परत ठेवला जातो.

बेदाण्याला २२ च्या आसपास थांबायला सांगतात, त्यामागे सरळ हिशेब आहे. १०० किलो मण्यांत १८ ब्रिक्सला ढोबळमानाने १८ किलो घन पदार्थ. बेदाण्यात १५ टक्के ओलावा धरला तर २१ किलो बेदाणा निघेल. २२ ब्रिक्सला तोच जवळजवळ २६ किलो. तेवढ्याच रॅकवर, तेवढ्याच मजुरीत.

वाईनरीवाले पांढऱ्या वाईनला साधारण २० ते २२ आणि लाल वाईनला २३-२४ ला खुडा घेतात. ब्रिक्सला ०.५५ ने गुणलं की किती टक्के अल्कोहोल होईल त्याचा अंदाज येतो, २४ ला १३ टक्क्यांच्या वर. गंगापूर धरणाच्या बाजूला किंवा दिंडोरीकडे कुठल्या वाईनरीत काम लागलं, तर तिथे ‘मायनस ब्रिक्स’ ऐकाल. ते चुकून म्हटलेलं नसतं. रस आंबताना यीस्ट साखर खातं आणि अल्कोहोल होतं. अल्कोहोल पाण्यापेक्षा हलकं, म्हणून साखर संपत आली की हायड्रोमीटर शून्याच्या खाली बुडतो आणि उणे एक-दीड दाखवतो. आंबवण सुरू झाल्यावर रिफ्रॅक्टोमीटरचा आकडा तसाच्या तसा धरू नका. अल्कोहोलही प्रकाश वाकवतं, त्यामुळे तो साखर आहे त्यापेक्षा जास्त दाखवतो.

ऊसवाल्यांकडे शब्द तोच, वापर वेगळा. उसात बुडखा गोड आणि शेंडा मागे असतो, म्हणून दोन्हीकडचा रस काढून शेंड्याचा ब्रिक्स बुडख्याच्या किती जवळ आला ते बघतात. दोन्ही जवळजवळ सारखे झाले की ऊस तोडीला आला. इथे एक गल्लत वारंवार होते: ब्रिक्स २० म्हणजे उतारा, म्हणजे उसाच्या वजनातून निघणारी साखर, २० टक्के नाही. कारखान्यात रसातली खरी उसाची साखर पोल म्हणून वेगळी मोजतात, पोलला ब्रिक्सने भागून शुद्धता काढतात, आणि पोतं भरेपर्यंतची गळती वजा जाता उतारा मिळतो. तो ब्रिक्सच्या कितीतरी खाली असतो.

घरगुती जॅम विकणाऱ्या बचतगटातल्या बायका मला नेहमी विचारतात, म्हणून हेही लिहिते. फळांच्या जॅमला आपल्या अन्नसुरक्षा नियमात किमान ६५ टक्के टीएसएस लागतो, स्क्वॅशला ४०. ० ते ३२ च्या उपकरणावर जॅम ठेवलात तर रेघच दिसणार नाही. उपकरण बिघडलेलं नसतं, जॅम पट्टीच्या बाहेर गेलेला असतो. त्यासाठी ४५ ते ८२ किंवा तशा वरच्या पट्टीचा रिफ्रॅक्टोमीटर घ्या, आणि जॅम कोमट होऊ द्या, उकळता टाकू नका.

आता पानाच्या ब्रिक्सविषयी. पानाचा रस काढून ब्रिक्स १२ च्या वर आणा म्हणजे कीड येणार नाही, असं सांगून काही विक्रेते औषधं खपवतात. त्याच्या भरवशावर मी कोणाला फवारणी सोडायला सांगणार नाही. पानातला आकडा सकाळ-दुपारी बदलतो, पाण्याचा ताण पडला की नुसत्या सुकण्याने चढतो. भुरी आणि केवडा या द्राक्षावरच्या रोगांना तो आकडा वाचता येत नाही. बाग डोळ्यांनी फिरून बघा.

बोलायचं आणि लिहायचं कसं

बोलताना “ब्रिक्स अठरा आला”, “ब्रिक्स अजून भरला नाही”, “शेंडा मागे आहे” असं सगळं चालतं. लिहिताना ‘१८ डिग्री ब्रिक्स’ किंवा नुसतं ‘१८ ब्रिक्स’ लिहा. ‘१८ टक्के साखर’ लिहू नका, ते प्रयोगशाळेत वेगळं मोजून सिद्ध करावं लागतं. आणि व्यापाऱ्याला, पॅकहाऊसला किंवा भावाला फोनवर पाठवताना मेसेज असा असू द्या:

“प्लॉट नं. २, थॉमसन, विहिरीकडचा. आज सकाळी ९.३०. शंभर मण्यांचा एकत्र रस, सरासरी १७.६. शेंड्याचे मणी १६ च्या खाली नाहीत. तीन दिवसांपूर्वी पाणी दिलंय. एटीसी मीटर, शून्य तपासलेलं.”

हा मेसेज मिळाला की पलीकडचा माणूस त्याच पद्धतीने तपासतो आणि दोघांचे आकडे बहुतेक वेळा अर्ध्या डिग्रीच्या आत जुळतात. जुळले नाहीत तर आधी दोन्ही मीटर एकाच पाण्यावर शून्याला लावा आणि एकाच पिशवीतला रस दोघांनी वाचा. तिथे जुळले तर फरक मणी निवडण्यात आहे, पुन्हा तिरकं चालून नमुना घ्या. तिथेही जुळले नाहीत तर एक मीटर दुरुस्तीला टाका आणि सौदा दुसऱ्या दिवशी करा.